श्वास रोखून काढलेली नदी

एक्सरेताई बावीस वर्षं दवाखान्यात लोकांच्या छातीचे फोटो काढत आल्या होत्या. समोर माणूस ताठ उभा राहिला, की त्यांच्या तोंडून आपोआप निघायचं, "श्वास घ्या. रोखा. हलू नका."

अशा बाईंनी फिल्म काढायची ठरवली, तेव्हा घरात हसून हसून मुरकुंडी वळली. कारण मात्र हसण्यासारखं नव्हतं. घरामागची नदी पालिकेच्या कागदावर 'साचलेलं पाणी, प्रवाह नाही' अशी नोंदली गेली होती. भराव टाकून तिथे वाहनतळ होणार होता. सुनावणीत हरकत घ्यायला प्रत्येकी तीन मिनिटं. "बोलून कोण ऐकतंय? दाखवायलाच हवं," म्हणत ताईंनी मुलीचा कॅमेरा उचलला.

चेहऱ्यावर उजेड पडावा म्हणून पांढरी चादर धरून सासूबाई काठावर उभ्या.

"अगं, मी याच पाण्यात पोहायला शिकले. आता तुझ्यापायी चिखलात बुडणार!"

"आई, चादर वर धरा. आणि बोलू नका, आवाज येतोय."

"मिळाली बाई सुनेला संधी!"

धोबी, शाळेतल्या बाई, गळ टाकणारे आजोबा, एकेक जण पाण्याकडे पाठ करून उभा राहिला. सासूबाई घरी परतल्या त्या एकाच चपलेनिशी.

फिल्म लावून बघितली आणि ताईंनी कपाळावर हात मारला. अकरा माणसं, अकरा फुगलेल्या छात्या, तोंडं गच्च मिटलेली. सवयीने ताईंनी प्रत्येकाला श्वास रोखायला लावला होता आणि लगेच "छान, पुढचे!" म्हटलं होतं. नदीविषयी कुणी चकार शब्द काढला नव्हता. सुनावणी तासाभरावर आली होती.

"मी जात नाही."

"मग माझी चप्पल काय फुकट गेली?" सासूबाईंनी त्यांना दाराबाहेर ढकललं.

सभागृहात धोब्याचे वटारलेले डोळे पडद्यावर आले आणि हशा पिकला. पालिकेचे इंजिनिअर तर डोळे पुसत होते. एवढ्यात सासूबाई किंचाळल्या, "माझी चप्पल!"

आजोबांच्या डाव्या कानामागे शिरलेली चप्पल पाण्यावर डुलत डुलत उजव्या कानामागून बाहेर पडली.

"वाऱ्याने गेली असेल," इंजिनिअर घाईने म्हणाले.

"वारा?" ताई उठल्या. "कोपऱ्यात चादरीचं टोक बघा. सरळ खाली लोंबतंय. माणसं स्तब्ध, चादर स्तब्ध. मग हलतंय ते काय?"

सुनावणी घेणाऱ्या अध्यक्षबाईंनी हसू गिळलं. "भराव थांबवा. मंगळवारी सगळ्यांसमोर प्रवाह मोजा."

मंगळवारी काठावर जत्रा लोटली. इंजिनिअरांनी मोजायचं यंत्र पाण्यात सोडलं. कॅमेऱ्यामागून ताई म्हणाल्या, "श्वास घ्या. रोखा. हलू नका."

यंत्राचं पातं थोडं थरथरलं, मग गरागरा फिरायला लागलं. काठावर एकच आरडाओरडा झाला. सासूबाईंनी उरलेली चप्पलही आनंदाने पाण्यात भिरकावली.

त्या गोंधळात लालबुंद झालेल्या इंजिनिअरांनी हळूच बोट वर केलं.

"ताई... सोडू का?"