पॉजचं बटण

माझ्या नवऱ्याला व्हीसीआरचा भारी अभिमान. ऐंशीच्या दशकात लॉस एंजेलिसजवळच्या आमच्या अपार्टमेंटमध्ये सोफा नव्हता, पण व्हीसीआर होता. रेकॉर्डिंग चालू असताना जाहिराती लागल्या की हा पॉजचं बटण दाबायचा आणि संपल्या की सोडायचा. टेप वाया जाऊ द्यायची नाही, हा त्याचा धर्म. त्यापायी माझी आमटी रोज गार व्हायची.

खालच्या मजल्यावर मावशी राहायच्या. मावशी म्हणजे सत्तरीला टेकलेल्या स्कॉटिश नटी. ग्लासगोची रंगभूमी सोडून इकडे आल्या आणि तीस वर्षं सिनेमात, टीव्हीवर दारं उघडत राहिल्या. कधी मोलकरीण, कधी नर्स, कधी घरमालकीण. "मॅडम, पोलीस आलेत," म्हणायचं आणि बाजूला व्हायचं. चेहरा सगळ्यांच्या ओळखीचा, नाव कुणालाच ठाऊक नाही. दुकानात बायका विचारायच्या, "तुम्ही आमच्या चर्चमध्ये येता ना?" मावशी बेधडक हो म्हणायच्या, वर त्यांच्या नातवंडांची चौकशीही करायच्या.

मग एका पोलिसी मालिकेत त्यांना आईचं काम मिळालं. पूर्ण दोन मिनिटांचा सीन, पोलिसासमोर बसून हरवलेल्या मुलाबद्दल बोलायचं. दार उघडायला दुसरी बाई होती, याचाच त्यांना जास्त आनंद. एजंट म्हणाला होता, या सीनची टेप आणून द्या, ती दाखवून नव्या मालिकेत कायमचं काम मिळवतो. त्या वयात पुन्हा कोण विचारणार होतं? नेमकं त्याच संध्याकाळी त्यांचं एका छोट्या थिएटरात नाटक होतं. त्यांना गाडी चालवता येत नसल्यामुळे सोबत मी. रेकॉर्डिंग नवऱ्यावर सोपवलं.

परतलो तर हा पडेल चेहऱ्याने दारात उभा. "सॉरी मावशी, जाहिरातींना पॉज केलं आणि सोडायला विसरलो. तुमचा सीन मिस झाला." लाजेने त्याने ती टेपही पुसून टाकली होती.

मावशींनी त्याला अस्सल ग्लासगोच्या बोलीत झापलं. आम्हाला शब्द एकही कळला नाही, पण काही अडलं नाही. मी मराठीतून हातभार लावला. शिक्षा म्हणून दर शनिवारी याने त्यांच्या स्वयंपाकघरात पोलीस व्हायचं आणि त्यांनी तो सीन करायचा, असं ठरलं. मी रागाने कधी बघायला गेले नाही. जाहिरात लागली की टोमणा मात्र न चुकता मारायचे.

सहा महिन्यांनी, उन्हाळ्यात, तोच भाग पुन्हा दाखवणार असल्याचं मला कळलं. "कशाला यार, जाऊ दे ना. बीचवर जाऊ," नवरा म्हणाला. मी त्याला टीव्हीजवळ फिरकू दिलं नाही. मावशींना वर बोलावलं, नवी कोरी टेप लावली आणि बसले.

दार उघडलं, पोलीस आत आले आणि थेट चौकीत पोचले. आई नाहीच. सीन मालिकावाल्यांनीच कापला होता. मी मागे वळून पाहिलं, तर नवरा अतिशय मन लावून कांदा चिरत होता.

"मला एजंटने दुसऱ्याच दिवशी सांगितलं होतं," मावशी शांतपणे म्हणाल्या. ते कायमचं काम तेव्हाच दुसरीला गेलं होतं.

"मग इतके दिवस त्याला शिक्षा का देत होतात?"

"पोरी, तो इतकं छान खोटं बोलत होता, मध्येच कसं थांबवू? आजवर माझे कितीतरी सीन कापले गेले. आळ स्वतःवर घेणारा हाच पहिला."

मग त्यांनी हाक मारली, "इन्स्पेक्टर!" नवरा हात पुसत येऊन समोर बसला. तो सीन मी तेव्हा पहिल्यांदा पाहिला. मावशी मुलाबद्दल बोलत होत्या आणि याचे डोळे भरून आले होते. याच्या वाट्याला एकच वाक्य होतं, तेही हा विसरला. मी त्याला काही बोलले नाही. सहा महिने बोलूनच झालं होतं.