दहाव्याचा माइक

आमच्याकडे लग्नाला पत्रिका लागते, दहाव्याला लागत नाही. अण्णांची, म्हणजे माझ्या वडिलांची, पुढची सगळी वर्षं या एका सवलतीवर निघाली.

ते चऱ्होलीकडचे नगरसेवक होते. एका प्लॉटच्या भांडणात एकाचं डोकं फुटलं आणि माणसं अण्णांनीच पाठवली, अशी फिर्याद झाली. अण्णा म्हणत, मी कुणाला पाठवलं नाही. फिर्यादी आजही उलटंच सांगतो. माझा अण्णांवर विश्वास आहे. पण मी पडले त्यांची मुलगी, माझ्या म्हणण्याला कोण भीक घालतं. पक्षाने तिकीट कापलं. लग्नपत्रिकाही यायच्या बंद झाल्या, कारण स्टेजवर आशीर्वाद द्यायला मोठे पुढारी येतात आणि त्यांना फोटोत शेजारी अण्णा नको असतात.

मग उरला नदीवरचा दहाव्याचा घाट. गावात कुणीही गेलं की अण्णा दहाव्याला हजर. चाकणच्या कंपनीत माझी दुसरी शिफ्ट असली की मीच त्यांना गाडीतून न्यायचे. पिंडाला कावळा शिवला, प्रवचन संपलं, की माइकवरून पुढाऱ्यांची नावं पुकारतात आणि एकेक जण श्रद्धांजलीचे दोन शब्द बोलतो. गेलेल्याला ओळखत नसला तरी बोलतो. अण्णांना बोलायचंही नव्हतं. चार लोकांत आपलं नाव घेतलं जावं, एवढीच त्यांची भूक होती. पण निवेदक आमदाराच्या पीएपासून सोसायटीच्या चेअरमनपर्यंत सगळ्यांना पुकारायचा आणि अण्णांवरून नजर फिरवायचा ती खांबावरून फिरवावी तशी. तो माइक त्याला अण्णांनीच घेऊन दिलेला. बायकांत बसून माझा नुसता जळफळाट व्हायचा. अण्णा मात्र शेवटपर्यंत बसून राहायचे.

निकाल लागेपर्यंत अण्णांचे गुडघे गेले. पुराव्याअभावी सुटका झाली. आईने पेढे वाटले. लोकांनी ते खाल्ले आणि खाता खाताच म्हणाले, मॅनेज केलं असणार.

त्याच आठवड्यात एक दहावा होता. अण्णांनी कडक इस्त्रीचा सदरा घातला. निवेदकाने या वेळी थेट त्यांच्याकडे पाहिलं. मी कान टवकारले.

"आपल्यात उपस्थित आहेत, जीवघेण्या हल्ल्याच्या गुन्ह्यातून ज्यांची नुकतीच निर्दोष सुटका झाली, असे आपले माजी नगरसेवक."

मेल्याने अगदी प्रेमाने म्हटलं. सगळ्या माना वळल्या. माझ्या शेजारी नव्या सोसायटीतली एक बाई होती, लातूरकडची. तिला यातलं काहीच ठाऊक नव्हतं. ती मला विचारू लागली, कुणावर केला होता हो हल्ला?

अण्णा हात जोडून उभे राहिले आणि खाली बसले. पुढच्या दहाव्याला तीच ओळख, त्याच्या पुढच्यालाही तीच. निवेदकाला ती पाठच झाली होती.

तिसऱ्या खेपेला परतताना मी गाडीत म्हणाले, थांबा, त्याला चांगली झापते. अण्णांनी मान हलवली. त्याचं काय चुकलं, म्हणाले, चांगलंच तर बोलतो.  घराच्या वळणावर गाडी हळू झाली तेव्हा पुन्हा बोलले.

"पोरी, माझ्या दहाव्याला माइक लावायचा न्हाई. त्यो म्हनंल, सुटले. आन् लोकं इचारतील, कशातनं?"