अकरा वाक्यं आणि एक शाल

त्या दिवाळीच्या कार्यक्रमाचा राग अजून माझ्या डोक्यातून गेलेला नाही, आणि जायलाही नको.

शिकागोला आमच्या बिल्डिंगमध्ये समोरच्याच दारात एक म्हातारे जर्मन गृहस्थ राहायचे. बायको गेल्यावर मुलीकडे आलेले. आयुष्यभर नट. आधी नाटकं, मग सिनेमे, मग तिकडच्या टीव्हीवर एका पोलिसी मालिकेत वर्षानुवर्षं तोच एक इन्स्पेक्टर. मधेमधे अमेरिकन सिनेमावाल्यांनीही बोलावलं, पण दर वेळी लष्करी गणवेश, दोन वाक्यं आणि गोळी. "इंग्रजीत मी बोललो कमी, मेलो जास्त," म्हणायचे. आता कित्येक वर्षांत त्यांना कोणी काम दिलं नव्हतं.

इथल्या मराठी मंडळाच्या दिवाळीसाठी मी एकांकिका लिहिली होती. तिच्यात एक गोरा घरमालक होता, भाडेकरूंकडून मराठी शिकलेला. त्या कामासाठी मी या शेजाऱ्यांना विचारलं, तर दारातच ताठ उभे राहिले. "ऑडिशन कधी?" अहो, कसली ऑडिशन! आमच्याकडे जो हो म्हणेल तो नट.

अकरा वाक्यं होती. दोन महिने घोटली त्यांनी. प्रत्येक शब्दाचा अर्थ विचारायचे. हा माणूस आत येतो तेव्हा कुठून आलाय? जेवलाय का? मी लेखिका, मला कुठे माहीत! तालमीला पंधरा मिनिटं आधी हजर. आणि आमची मंडळी? "सॉरी काकू, ट्रॅफिक होता यार," करत तासाभराने उगवायची, आणि वर हातातल्या फोनवर बघून संवाद म्हणायची. ते आमच्या बिल्डिंगच्या बेसमेंटमध्ये, तालमीच्या जागी, खुर्चीत कोट घालून वाट बघत बसलेले असायचे. मला मेल्याहून मेल्यासारखं व्हायचं.

कार्यक्रम एका शाळेच्या सभागृहात होता आणि पाचला ते रिकामं करायचं होतं. सुरुवातच उशिरा झाली. जेवणाची रांग हलेना. मग घरं विकणाऱ्या एका स्पॉन्सरने माइक धरला तो सोडेचना. छोट्यांचा नाच दोनदा झाला, कारण काही आईबाबा पार्किंगमध्ये अडकले होते आणि त्यांचा व्हिडिओ राहिला होता. व्हिडिओ!

एकांकिकेची वेळ आली तेव्हा अध्यक्ष घाम पुसत माझ्याकडे आले. "काकू, घरमालकाचा सीन कट करू या ना. स्टोरीला काही फरक पडत नाही. आणि आपण त्यांचा सत्कार करू! शाल-श्रीफळ एक्स्ट्रा आहे, कालच डेव्हनवरच्या देशी दुकानातून आणलंय."

म्हणजे बघा. काम करायला आलेल्या माणसाचं काम काढून घ्यायचं आणि वर त्याच्या खांद्यावर शाल टाकायची. आपल्याला वाटतं, मान दिला! मी तिथेच ओरडायला हवं होतं. एरवी माझं तोंड कुणाला ऐकत नाही. पण मागे सगळे मेकअप करून उभे होते, घड्याळ पळत होतं, आणि मी म्हटलं, "बरं."

ते पडद्यामागे कोट घालून, ओठ हलवत उभे होते. अध्यक्षांनी त्यांना हाताला धरून स्टेजवर नेलं. त्यांना वाटलं, एन्ट्री आली. तसेच आत गेले, घरमालकाच्या चालीने, एक पाय जरा ओढत. लोकांनी टाळ्या वाजवल्या. शाल मीच घातली. हातात नारळ घेऊन त्यांनी माझ्याकडे पाहिलं आणि हळूच विचारलं, "याचं मी काय करायचं?" मी म्हटलं, "काही नाही. झालं."

घरी जाताना माझ्याच गाडीत होते. नारळ मांडीवर धरून बसलेले. मग म्हणाले, "मी वाईट करत होतो का?"

"नाही हो! देवाशपथ नाही. वेळच उरला नव्हता."

"पन्नास वर्षांत मला ज्यांनी ज्यांनी कापलं," ते म्हणाले, "त्यांतल्या एकानेही मी वाईट होतो असं सांगितलं नाही. सगळे वेळच नव्हता म्हणाले."

मी गाडी बाजूला घेतली. आमच्या लोकांना शिव्या घातल्या, स्वतःला घातल्या, पुन्हा पुन्हा सांगितलं की सगळ्यांत चांगलं काम तुमचंच होतं. ते माझ्याकडे वळले, हसले, पटलं म्हणून मान हलवली. पटलं नव्हतं. त्या दिवशी तेवढाच काय तो अभिनय त्यांना करायला मिळाला.