चिकूचं आगर

फाटकाजवळची चिकूची झाडं तोडायची, तिथे मांडव घालायचा आणि त्यावर द्राक्षाचे वेल चढवायचे, असं माझ्या दिरांनी एका रविवारी जेवता जेवता जाहीर केलं. भाताचं भांडं माझ्या हातातच राहिलं.

"का हो भाऊजी? झाडांनी काय घोडं मारलंय तुमचं?"

"वहिनी, आपण वाइन करतो ना? मग बाहेर पाटी लागणार 'वाइनयार्ड' अशी. वाइनयार्ड म्हटलं की माणूस द्राक्षं शोधतो. आल्या आल्या द्राक्षं दिसली पाहिजेत. फोटो निघाला पाहिजे."

"पण वाइन चिकूची आहे!"

"ते आत आल्यावर कळेल त्यांना," असं म्हणून त्यांनी कढी मागितली.

कोसबाडच्या टेकडीखालची ही वाडी माझ्या सासरची. निम्मी आमची, निम्मी दिरांची. दीर मुंबईला असतात, सुट्टीला येतात आणि येताना डोक्यात एखादी कल्पना घेऊन येतात. माझ्या नणंदेची मुलगी मात्र कल्पनेवर थांबत नाही. ती परदेशात वाइन करायला शिकली, परत आली, आमच्या जुन्या गोठ्यात स्टीलच्या टाक्या बसवल्या आणि रीतसर परवाने काढून चिकूची वाइन करायला लागली. मी चाखली आहे, खोटं कशाला बोलू. बरी लागते. आता लोकांनी वाडीत यावं, झाडांखाली बसावं, चव घ्यावी, असं तिचं चाललं होतं. त्यासाठी पाटी हवी होती. आणि पाटीवरच्या एका शब्दापायी माझी झाडं जाणार होती.

माझी म्हणते कारण लग्न होऊन आले तेव्हा मी याच रांगेत चिकू काढायला शिकले. नखाने साल जरा खरवडायची, आत हिरवं दिसलं की हात मागे घ्यायचा. चिकाने बोटं चिकटायची आणि मला माहेरची आठवण येऊन रडू यायचं, तेही त्याच झाडांखाली. ती झाडं मी द्राक्षाच्या फोटोसाठी देणार नव्हते. शिवाय हा आमचा खारा वारा, हा धो धो पाऊस. इथे द्राक्ष लावायचं म्हणजे त्या बिचाऱ्या वेलाचाही छळ.

आमचे 'हे' अशा वेळी पंप बघायला जातात. तेव्हाही गेले.

"पाटीवर 'चिकू वाडी' लिहा," मी म्हटलं. "आहे तेच लिहा. वाडी म्हटलं की कोणी द्राक्षं मागणार नाही."

आमच्याकडे वाडी म्हणजे फळझाडांची. माणसं राहतात तो पाडा. इतकं सरळ आहे. पण डहाणू सोडून जरा बाहेर गेलं की हा सरळपणा संपतो. भाचीने इंटरनेटवर 'वाडीत या' असं टाकलं तर घाटावरच्या एका बाईंनी विचारलं, तुमच्या वाडीची लोकसंख्या किती, एसटी येते का? ते तरी परवडलं. नंतर उंबरगावकडून एका गृहस्थांचा फोन आला, तो मीच घेतला.

"बेन, मे महिनामां वाडी खाली छे?"

मला वाटलं, चिकू उतरून झाडं रिकामी होतात का ते विचारतायत. म्हटलं, मे महिन्यातही थोडा माल असतोच.

"ना ना, लग्न माटे! जमण तमारुं के अमारुं?"

जेवण तुमचं की आमचं, असं विचारत होते ते. गुजरातीत वाडी म्हणजे लग्नाचा हॉलही, हे मी विसरलेच होते. पुढची दहा मिनिटं मी त्यांना समजावत होते की इथे स्टेज नाही, खुर्च्या नाहीत, वऱ्हाड उतरवायला जागा नाही, फक्त झाडं आहेत. शेवटी ते म्हणाले, झाडांखाली चालेल, मुलीकडचे साधे आहेत.

दीर पोट धरून हसले. "वहिनी, तुमची वाडी गेली वरातीत! वाइनयार्डच बरं."

माझ्या डोक्यात तिडीक गेली. हसा म्हटलं, हसून घ्या.

त्याच आठवड्यात आम्ही मामी-भाची पडवीत चिकू निवडत बसलो होतो. मोठे एकीकडे, बारके एकीकडे, टाकीत जायचे तिसरीकडे. मी विचारलं, "काय गं, तू शिकलीस तिथली माणसं काय म्हणतात अशा जागेला?"

"विन्योब्ल," ती म्हणाली.

"काय?"

"विन्योब्ल, मामी. फ्रेंच शब्द आहे."

मी दोन-तीनदा म्हणून पाहिला. दर वेळी शिंक अडकल्यासारखं व्हायचं. पण अर्थ तिने सांगितला तो मला फार आवडला. एकाच माणसाची द्राक्षबाग असली तरी विन्योब्ल, आणि गावंच्या गावं द्राक्षं पिकवणारा सगळा मुलूख असला तरी विन्योब्लच. बाग आणि मुलूख यांना वेगळं नाव नाही. ती म्हणाली, इंग्रजीत या दोन गोष्टींना दोन शब्द लागतात, आणि मराठीत तर दोन्हींना चालेल असा एकही नाही.

"नाही कसा?" माझा हात चिकूवरच थांबला. "आगर!"

माझं माहेर रेवदंड्याच्या बाजूचं. आमच्याकडे नारळ-पोफळीच्या बागेला आगर म्हणतात. आई सकाळी आगरात जायची, बाबा आगर शिंपायचे. आणि तोच शब्द सगळ्या मुलखालाही चालतो. भाताचं आगर, विद्येचं आगर. मीठ पिकतं ते मिठागर. जिथे एखादी गोष्ट भरभरून होते ते तिचं आगर, मग ते घरामागचं असो की तालुकाभर पसरलेलं. हा आमचा डहाणू तालुका चिकूचं आगर नाही तर काय आहे? आणि फ्रेंच शब्दात द्राक्षाचा वेल आधीच चढून बसलाय, आमच्या शब्दात नाही. आमचं आगर चिकूचंही होतं, माशांचंही होतं. झाड तोडावं लागत नाही!

भाचीने मला मिठीच मारली, चिकाच्या हातांनी.

दिरांना मात्र पटलं नाही. "हा तुमच्या माहेरचा शब्द, वहिनी. इथे कोण म्हणतं?"

हे मला लागलं. इतकी वर्षं या घरात राबले, याच मातीत माझे केस पांढरे झाले, तरी माझा शब्द माहेरचा. मी मनाशी ठरवलं, पाटी लागेल तर हीच. हो ना करता करता दीर एवढं कबूल झाले की दिवाळीनंतर पाहुणे सुरू होतील तेव्हा पहिले काही दिवस माझी पाटी राहील. जमलं नाही तर झाडं जाणार. मी म्हटलं, कबूल.

पाटी रंगवून घ्यायला मी स्वतः तलासरीला गेले. तिथे हायवेजवळ एक पेंटर आहे, ढाब्यांच्या आणि ट्रकच्या पाट्या रंगवतो. मी सांगितलं, 'आगर' मोठं काढा, ठसठशीत, खाली 'चिकूची वाइन' आणि बाण. त्याने ब्रश कानावर ठेवला. "आगर म्हणजे ते डहाणूजवळचं ना, मासेवाल्यांचं?"

"नाही हो, हे आमचं."

"बरं," तो म्हणाला आणि काढून दिली. अक्षर सुरेख होतं. मी पाटी रिक्षात मांडीवर घेऊन आले.

आता डहाणूजवळ समुद्राकाठी आगर नावाचं गाव आहे हे मला ठाऊक नव्हतं असं नाही. बोंबील मी तिथूनच आणते. पण शब्दाच्या प्रेमात माणूस आंधळा होतो म्हणतात तसं माझं झालं. पाटी आम्ही तिठ्यावर लावली. पहिल्या रविवारी अकराला येणार होते ते पाहुणे दीड वाजला तरी नाहीत. दीर घड्याळ बघत अंगणात फेऱ्या मारत होते. शेवटी गाड्या आल्या त्या वासासकटच आल्या. पाटीवर आगर, मोबाइलच्या नकाशात आगर, बाण कोणी पाहिलाच नाही, मंडळी थेट किनाऱ्यावर. तिथे त्यांनी एका कोळणीला विचारलं, वाइन कुठे मिळते? तिने त्यांची चांगली हजेरी घेतली, मग सुके बोंबील गळ्यात मारले आणि पाठवून दिलं. एक तरुण बाई गाडीतून उतरल्या त्या नाकाला रुमाल लावूनच.

दीर माझ्याकडे वळले. आवाज चढवला नाही, त्याचंच मला जास्त वाईट वाटलं. "वहिनी, पुरे आता. बुधवारी करवतवाला येतोय."

मला त्या रात्री झोप लागली असं मी सांगणार नाही. पण रडलेही नाही. सकाळी पदर खोचला आणि आगरला गेले. माझी नेहमीची कोळीण टोपलीशी बसली होती. मला बघताच सुरू झाली.

"काय गं बाय, तुझी माणसं माझ्याकडं दारू मागतात! माझा जावई बसलेला बाजूला!"

मी हात जोडले. सगळं सांगितलं, झाडांचंही. ती ऐकता ऐकता हसायला लागली. "मग काय, तुझं आगर काढून टाकतेस?"

"छे! तुझंही राहील, माझंही राहील. फक्त लोकांना रस्ता सांगायचा."

तिथून तशीच तलासरी गाठली. पेंटरला म्हटलं, दुसरी पाटी, पहिलीपेक्षा मोठी. एका बाजूला मासा काढा, एका बाजूला चिकू. मंगळवारी संध्याकाळी भाचीने आणि मी ती तिठ्यावर ठोकली: 'मासळीचं आगर डावीकडे. चिकूचं आगर उजवीकडे.'

बुधवारी करवतवाला आला. मी फाटकातच खुर्ची टाकून बसले. म्हटलं, चहा घ्या, पण करवत गाडीतच राहू दे, माझं आणि भाऊजींचं बोलणं अजून संपलेलं नाही. फोनवर दिरांना सांगितलं, हा एक रविवार बघा. मग तोडा, मी आडवी येणार नाही. ते आधी करवतवाल्याच्या भाड्यावरून कुरकुरले. मग म्हणाले, "एकच रविवार."

त्या रविवारी गाड्या वेळेवर आल्या. उलट काही जण लवकर आले, कारण त्यांनी तिठ्यावर पाटीसोबत फोटो काढला होता आणि तो त्यांना सगळ्यांना दाखवायचा होता. दोन कुटुंबं आधी मुद्दाम डावीकडे जाऊन पापलेट घेऊन मग उजवीकडे आली. कोळणीने त्यांना बजावलं होतं म्हणे, आता चिकूच्या आगरात जा, ती बाई वाट बघत असेल. फाटकाशी दीर स्वागताला उभे होते, इस्त्रीचा शर्ट घालून, त्याच पहिल्या झाडाच्या सावलीत.

एका काकांनी उतरल्या उतरल्या इकडेतिकडे पाहिलं. "द्राक्षं कुठे आहेत?"

दीर मागे वळले, झाडाच्या खोडावर हात ठेवला आणि म्हणाले, "द्राक्षं नाशिकला. हे आगर आहे, चिकूचं. आमच्या वहिनींच्या माहेरचा शब्द."

माझे डोळे भरून आले, लपवत नाही. पण राहवलं नाही, पुढे झाले आणि म्हटलं, "माहेरचा होता. आता तिठ्यावर लागलाय, आता इथलाच. या, आत या."