सातव्या महिन्यातलं ग्रहण

कमलम्मा सोलापुरात विड्या वळायची. मांडीवर सूप, सुपात भिजवलेली पानं, हातात कात्री. एकोणीसशे अडुसष्टच्या कोजागिरीला तिला सातवा सरत आला होता. दिवस मावळताना उंबऱ्यात बसून ती पानं कापत होती, आणि समोरच्या पत्र्यावर चंद्र आला तोच अर्धा काळवंडलेला. आज ग्रहण आहे हे घरात कुणाच्या ध्यानीच नव्हतं. सासू गौरम्मा धावत आली आणि तिनं सुनेच्या हातातली कात्री हिसकावून घेतली.

दोन महिन्यांनी पारू झाली. तिचा वरचा ओठ नाकापर्यंत दुभंगलेला होता.

"कात्रीनं लेकराचा ओठ कापलास की गं," गौरम्मा म्हणाली.

हे वाक्य पुढं सहा वर्षं घरात राहिलं. शेजारीण आली की निघायचं, पोरीच्या नाकातून दूध आलं की निघायचं. नवरा सिद्राम मागावरून थकून यायचा, जेवून आडवा व्हायचा. कमलम्मानं कधी उलट उत्तर दिलं नाही. तिला ते खरंच वाटत होतं. दिवसभर वळून बोटं आखडायची, पाठ धरायची, पण तो शीण झोपेनं थोडा तरी उतरायचा. हा उतरत नव्हता.

चौऱ्याहत्तर साली पारूचं नाव शाळेत घातलं. पोरं चिडवायची, म्हणून ती जाईना. शेवटी कार्तिकी पुनवेच्या दुपारी तिच्या शिक्षिका मीनाबाई घरी विचारायला आल्या. त्या संध्याकाळी पुन्हा ग्रहण होतं. गौरम्मा पाण्याच्या हंड्यांत तुळशीची पानं टाकत होती. बाईंपुढं तिनं ओठाची सगळी कथा सांगितली.

"आजी, ती नुसती पृथ्वीची सावली असते," मीनाबाई म्हणाल्या. "पुनवेला सूर्य एका अंगाला, चंद्र दुसऱ्या अंगाला, आणि आपण मधे. आपली सावली त्याच्यावर पडते."

"पुनव तर दर म्हैन्याला येती," कमलम्मा खाली बघतच म्हणाली. "मग गिरान का येत न्हाय?"

"चंद्राची वाट जरा तिरकी आहे. बहुतेक वेळा तो सावलीच्या वरून नाहीतर खालून निघून जातो. तिघं नेमके एका रेषेत आले तरच ग्रहण."

"सावली असंल बाई. पर ओठ तर फाटला न्हवं?"

मीनाबाईंनी पारूची हनुवटी उचलून ओठ नीट पाहिला. "सोमवारी माझ्याबरोबर सरकारी दवाखान्यात चला," एवढंच त्या म्हणाल्या.

संध्याकाळी आठच्या सुमाराला चंद्र पुरता झाकला गेला. काळा नाही, तांब्यासारखा लाल झाला. गल्लीतून "दे दान, सुटे गिरान" अशी हाळी गेली. गौरम्मा आत जप करत होती. कमलम्मा दारात उभी राहून बघत राहिली. ही आपली सावली, आपण सगळे तिच्यात आहोत, असं काहीतरी तिच्या मनात आलं. पण बरं वाटलं नाही.

सोमवारी डॉक्टरांनी पारूचा ओठ तपासला. "शिवता येईल," म्हणाले. कमलम्मानं चाचरत कात्रीचं सांगितलं.

"तेव्हा कितवा महिना होता?"

तिनं बोटांवर पुनवा मोजल्या. "सातवा सरत आलता."

"ओठ तिसऱ्या महिन्याच्या आतच जुळून येतो. हिचा तेव्हाच जुळायचा राहिला. कोजागिरीच्या आधी चार महिने."

"मग कशानं ओ?"

"नेमकं सांगता येत नाही. तुमच्या हातून काही झालेलं नाही."

कमलम्मा रडली नाही. तिला एकदम बसावंसं वाटलं, आणि ती तिथंच जमिनीवर बसली. घरी येऊन तिनं डॉक्टरांचं बोलणं सासूला जसंच्या तसं सांगितलं. गौरम्मानं ऐकून घेतलं आणि तोंड फिरवलं.

जानेवारीत ओठ शिवला. कमलम्मा दोन दिवस खाटेशेजारी बसून होती. तिसऱ्या दिवशी सकाळी गौरम्मा डबा घेऊन आली. नातीच्या तोंडावरच्या टाक्यांकडं तिनं बराच वेळ पाहिलं.

"जा घरी, नीज जरा," ती सुनेला म्हणाली. "मी बसते हिच्यापाशी."

कमलम्मा उठली. घरी जाण्याइतकंही त्राण नव्हतं. बाहेरच्या बाकड्यावर पदर डोक्याखाली घेऊन ती आडवी झाली, आणि दुपार कलली तरी तिला जाग आली नाही.