टाइलीमागची आरसेवाली

माझी बायको सुमन गेल्यावर तापीकाठच्या मंदिरांवरचा आमचा माहितीपट तसाच पडून होता. इतिहास माझा, निवेदन तिचं. एकच दृश्य राहिलं होतं: एका मंदिराच्या दारावर कोरलेली, आरशात बघणारी बाई. मागच्या खेपेला सुमनने तिच्यासमोर उभं राहून निवेदन ध्वनिमुद्रित केलं, तोवर उजेड गेला. पुढच्या हिवाळ्यात चित्रीकरण करू म्हणालो. यंदा एकटाच निघालो.

जाणाऱ्यांसाठी: नंदुरबारहून रनाळ्यामार्गे दोंडाईचा, तिथून सारंगखेड्याकडची एसटी. मंदिराचं गाव सारंगखेड्याच्या अलीकडेच आहे. फाट्यावर रिक्षा मिळते, भाडं आधी ठरवा. दोन्हीकडे फुटलेला कापूस, मधे केळीच्या बागा. शाळेत तालावर म्हटलेल्या नदीच्या कविता मी पुटपुटत होतो.

"बाबा, फोनवर बोली ऱ्हायनात का?" रिक्षावाल्याने विचारलं.

"नाही रे, पाठांतर."

"या वयमा परीक्षा शे का तुम्हनी?"

मंदिर दिसलं. गावाने वर्गणी काढून जीर्णोद्धार केला होता. दाराच्या चौकटीवर वरपासून खालपर्यंत पांढऱ्या टाइल्स. पुजाऱ्याची आई, कमूबाई, पायरी झाडत होती.

"आते कशी चोखी दिसस ना, आबा? पहिलं समदं काळंच व्हतं."

मला हो म्हणवेना. "इथली आरसेवाली?"

"टाइलना मझार शे ना. कोठे जाई ती?"

तिने बोट ठेवलं तिथे टाइलीवर कुंकवाचा जाड ठिपका होता. इथे नवी सून आधी आरसेवालीला कुंकू लावते, मग देवाला. मूर्ती झाकली गेली, रीत राहिली.

"जागा कशी कळते?"

"सासू हात धरीसन लावाडस." मग माझ्या कॅमेऱ्याच्या बंद बॅगेकडे पाहत म्हणाली, "फोटू नई काढतस का? इतला दूरथून उनात."

काढला, त्या टाइलीचाच. येताना दोंडाईच्याला शेवभाजी मागवली. चांगली असते म्हणतात. मी ताट तसंच ठेवून उठलो.

पुण्यात माहितीपट जोडणाऱ्या मुलीने चाचरत विचारलं, "काका, काकूंचं एवढं निवेदन काढू का? चित्रात तर तसलं काहीच नाही."

सुमन सांगत होती, "ओठांच्या कडेला हसू पाहा. स्वतःला बघून नाही हसत ही. मागे कुणीतरी येऊन उभं राहिलंय, ते तिला आरशात दिसलंय."

"राहू दे," मी म्हणालो.

तिचं बोलणं संपेपर्यंत पडद्यावर ती टाइल आहे. चकचकीत आहे. कुंकवाच्या बाजूला, कॅमेऱ्याशी वाकलेला मी एकटाच त्यात दिसतो.