म्हशीची साक्ष

ती म्हैस आठवली की मला आजही हसू येतं, आणि तिच्या पाठोपाठ त्या पत्रकार बाई आठवतात. नोकरीत खून पाहिले, दरोडे पाहिले, पण नातवंडं ऐकायला मागतात ती हीच गोष्ट.

कापसाची ती वाईट वर्षं होती. भाव पडलेले, बियाण्याची मारामार, आणि खरीप तोंडावर आला की बोगस पाकिटांचा सुळसुळाट. मी दारव्ह्याला ठाणेदार होतो. यवतमाळच्या एका केबल वाहिनीवर दर शनिवारी ग्राहकांच्या तक्रारींचा कार्यक्रम लागायचा. तो करणाऱ्या बाई म्हणजे एका प्राथमिक शिक्षकाची मुलगी. आधी त्या वाहिनीवर हरवलेल्या जनावरांच्या आणि लग्नाच्या जाहिराती वाचायच्या. एकदा त्यांनी दुकानातून आणलेलं रॉकेल घरच्या मापानं मोजून दाखवलं आणि जिल्हाभर नाव झालं. एसटीनं यायच्या, सोबत एक कॅमेरावाला, खांद्यावरच्या पिशवीत वजनकाटा. कार्यक्रम संपताना त्यांचा ठरलेला प्रश्न असायचा, "पक्कं बिल घेतलं का?" बाजारात लोक एकमेकांना चिडवायलाही तेच विचारत.

माझा त्यांच्यावर राग होता, हे आधीच कबूल करतो. ठाण्यासमोरच्या रस्त्यावर फेरीवाले हेल्मेटं विकायला बसत. त्यातलं एक त्यांनी कॅमेऱ्यासमोर विटेवर आपटून फोडलं. तसलंच हेल्मेट घालून मी मोटारसायकलवरून जाताना त्याच कार्यक्रमात दिसलो. आठवडाभर घरीदारी माझी टिंगल झाली.

म्हणून त्यांच्याविरुद्ध अर्ज आला तेव्हा, खोटं कशाला बोलू, मनातून मला बरंच वाटलं.

अर्जदार गावातले बियाण्यांचे दुकानदार होते. सगळे त्यांना सेठ म्हणत. बाईंनी कार्यक्रमात त्यांच्या दुकानातलं सरकीचं, म्हणजे कापसाच्या बियाण्याचं, पाकीट फोडून पाण्यात टाकलं होतं. पाणी गुलाबी झालं, आणि हे बियाणं नुसतं रंगवलेलं आहे, असं बाई म्हणाल्या. सेठचं म्हणणं, बाईंनी साधी सरकी स्वतः रंगवली आणि त्यांना बदनाम केलं. वाहिनीच्या मालकानं कार्यक्रम थांबवला आणि बाईंना सांगितलं की, आठ दिवसांत पोलिसांचा अहवाल तुमच्या बाजूनं आला नाही तर कायमचं घरी बसा. त्याच सुमारास मुंबईच्या एका मोठ्या वाहिनीनं त्यांना नोकरीच्या मुलाखतीला बोलावलं होतं. तेही लटकलं.

मी बाईंना जबाबाला बोलावलं. पहिलाच प्रश्न टाकला, "पक्कं बिल घेतलं का?"

त्या हसल्या. "नाही जी साहेब. तिथंच चुकली मी."

पाकीट खरं तर गावातल्या गॅरेजवाल्या चाचांनी घेतलं होतं. चाचा जीपगाड्या दुरुस्त करायचे आणि चार एकर शेतीही पाहायचे. बियाण्याची टंचाई होती. बिलाचं नाव काढलं की दुकानदार पाकीट परत घ्यायचा, म्हणून चाचा गुमान पाकीट घेऊन आले. ज्या बाईंनी जिल्ह्याला बिल मागायला शिकवलं, त्यांच्याच हाती बिल नव्हतं. त्यात कृषी अधिकाऱ्यांनी मला सांगितलं की खऱ्या बियाण्याचा रंगही पाण्यात थोडा उतरतोच. म्हणजे बाईंचा प्रयोगही लंगडा.

सेठचा जबाब मात्र खणखणीत. "साहेब, कंपनीचं औषध लावलेलं बियाणं आहे. रंग कायले देतात? जहर आहे हे समजावं म्हणून. हात लावला तर साबणानं हात धुवा लागते. असं औषधाचं बियाणं सोडून दुसरी रंगीत सरकी ना माह्या दुकानात, ना घरी." मी शब्द न् शब्द लिहून घेतला, खाली सही घेतली. सहा दिवस गेले. बाई रोज यवतमाळहून फोन करायच्या आणि मी "चौकशी चालू आहे" म्हणायचो. त्यांचा आवाज दिवसागणिक खाली जात होता. माझा राग कधीच ओसरला होता, आता लाज वाटायला लागली होती.

सातव्या दिवशी सकाळी आमची हजेरी चालू असताना चाचा हसत हसत ठाण्यात शिरले.

"साहेब, चला जल्दी! सेठच्या म्हशीनं लिपस्टिक लावली!"

झालं होतं असं, की सेठची जीप घरीच बंद पडली होती आणि गावात डिझेलच्या जीपला हात घालणारा माणूस एकच. गाडी अडली की वैर विसरावं लागतं. चाचा अंगणात गाडीखाली पडून काम करत होते. बाजूला गोठा. "मी वर पाह्यतो तं म्हैस रवंथ करून राह्यली, अन् तोंडाले फेस गुलाबी! जीभ गुलाबी! मले वाटलं, माह्याच डोळ्याले काही झालं."

मी हवालदारांना घेऊन तडक निघालो. म्हैस देखणी होती, शिंगांना तेल लावलेलं. गुलाबी फेस हनुवटीवरून गळत होता आणि ती आमच्याकडे बघत निवांत चघळत होती. पुढ्यातल्या घमेल्यात गुलाबी सरकीचा चुरा होता.

मी सेठना काही विचारलंच नाही. हवालदारांना म्हटलं, "जनावरांच्या डॉक्टरले बोलवा. म्हैस काही वाचत नाही."

सेठ दचकले. "काहून साहेब?"

"तुमच्या जबाबात आहे, सेठ. औषधाचं बियाणं सोडून घरात दुसरी रंगीत सरकी नाही. म्हणजे हिनं जहर खाल्लं. अरेरे, काय जनावर होतं!"

हवालदारांनी टोपी काढली आणि म्हशीच्या कपाळावरून हात फिरवला. आमच्या हवालदारांना नाटकात काम करायची फार हौस होती.

"नाही जी, तिले काही होत नाही!" सेठ पुढे धावले. "काल संध्याकाळी बी खाल्लं तिनं. निस्ता रंग आहे तो! म्हशीले कोणी जहर देते काय साहेब?"

बोलून गेले आणि घमेल्याकडे बघत तिथंच खाली बसले.

पोलिसांसमोरची कबुली कोर्टात टिकत नाही, हे मला ठाऊक होतं. त्यामुळे लगेच दोन पंच बोलावले, कृषी अधिकारी आले. गोठ्यामागची खोली सेठनी स्वतः उघडून दिली. रंगाचे टब, रिकामी पाकिटं, तोंड बंद करायचं मशीन, सगळं पंचनाम्यात आलं. नमुने सील झाले. रंगवून उरलेली फुटकी सरकी टाकून द्यायला सेठचं मन झालं नव्हतं. आमच्या भागात सरकी कोणी फेकत नाही, ती गोठ्यातच जाते. चार पिढ्यांची ती सवय त्यांना नडली.

त्याच दुपारी अहवाल लिहिला आणि बाईंना मीच फोन केला. पलीकडून आधी हुंदका, आणि मग इतकं मोठ्यानं हसू की मी रिसीव्हर कानापासून लांब धरला.

शनिवारी अख्खं ठाणं टीव्हीसमोर. कार्यक्रम सुरू झाला तो रवंथ करणाऱ्या म्हशीच्या तोंडापासून, आणि आमच्या पोरांनी शिट्ट्या मारल्या. बाईंनी आधी आपली चूक सांगितली. पाण्याचा प्रयोग पुरेसा नव्हता आणि बिल नव्हतं, हे सगळ्या जिल्ह्यासमोर. मला त्यांचा अभिमान वाटला. चाचांनी दुसरं बियाणं आणून पेरणी वेळेत केली, आणि या वेळी बिल गल्ल्यावर हात आपटून मागून घेतलं. मीही गुपचूप यवतमाळला जाऊन चांगलं हेल्मेट आणलं.

खोटं बोलणारा माणूस पोलिसांची, वकिलाची, शेजाऱ्याची तयारी करून ठेवतो. आपल्या सवयीची आणि मायेची तयारी करायचं त्याला सुचत नाही. हे त्या म्हशीनं मला शिकवलं. आणि ठाणेदाराचा राग हा चौकशीतला सगळ्यात वाईट साक्षीदार, हे बाईंनी न बोलता शिकवलं.

महिन्याभरानं त्या ठाण्यात आल्या. मुंबईची नोकरी पक्की झाली होती, संध्याकाळच्या गाडीनं निघायचं होतं. टेबलावर पेढ्यांचा पुडा ठेवला. मी पुडा सोडत म्हणालो, "बाई, पक्कं बिल?"

त्यांनी पर्समधून हलवायाचं बिल काढून माझ्यासमोर ठेवलं, वर दुकानाचा शिक्का मारलेला. "साहेब, आता बिलाशिवाय पाणीबी पीत नाही मी."

पेढे दोन मिनिटांत संपले. बिल अजून माझ्या डायरीत आहे.